त्यांच्या हातात बंदूक नव्हती

सातव्या प्रकरणाशी आल्यावर हरिश्चंद्र भाटकरांनी पुस्तक जमिनीवर आपटलं. आवाज ऐकून मृणाली स्वयंपाकघरातून धावत आली.

"काय झालं, बाबा?"

"ह्याने त्यांच्या हातात बंदुका दिल्यान गो!"

भाटकर मूळचे केळशीचे. अठ्ठावीस वर्षं मालवाहू जहाजांवर काढून, बोसन म्हणजे खलाशांचा मुकादम होऊन निवृत्त झाले आणि रत्नागिरीत मुलीकडे राहायला आले. गेल्या वर्षी शुभंकर देवस्थळी त्यांना शोधत पुण्याहून आला होता. भाडोत्री सैनिकांच्या साहसांवर पुस्तकं लिहायचा, आणि ती धडाक्याने खपायची. चाच्यांच्या भीतीने जहाज कंपन्या बंदूकधारी पहारेकरी भाड्याने घेत, त्या दिवसांबद्दल त्याला ऐकायचं होतं. दोन दिवस त्याने रेकॉर्डर चालू ठेवला. भाटकरांनी बायकोलाही कधी न सांगितलेली गोष्ट त्याला सांगितली.

एडनच्या आखातातली सकाळ होती. एक होडी जहाजाच्या दिशेने येत होती. भाटकर पुढच्या डेकवर होते, त्यांना पाण्यावर तरंगणारे जाळ्याचे बोये दिसले. जहाज जाळ्यावरून जाईल म्हणून होडीतला एक तरुण उभा राहून फडकं हलवत होता. केळशीला त्यांच्या वडिलांनी असंच कितीदा हलवलं होतं. भाटकर जिवाच्या आकांताने ओरडले, "मच्छीमार आहेत! मारू नका!" पहारेकऱ्याने गोळी झाडली. तरुण कोसळला. शेजारच्या म्हाताऱ्याने त्याचं डोकं मांडीवर घेतलं. जहाजाने वेगसुद्धा कमी केला नाही.

पुस्तकात त्या होडीत आठ चाचे होते, त्यांच्याकडे रॉकेट होतं. आणि बोसन भाटकर त्या पहारेकऱ्याला मिठी मारून म्हणत होता, "तुम्ही आम्हाला वाचवलंत!" मुखपृष्ठावर ठळक अक्षरांत छापलं होतं : सत्यकथा.

शनिवारी शहरातल्या वाचनालयात त्याच पुस्तकाचा कार्यक्रम होता. भाटकरांना सत्कारासाठी बोलावलं होतं. "जाऊ नका, तुमचं बीपी वाढेल," मृणाली म्हणाली. ते इस्त्रीचा शर्ट घालून निघाले.

शाल घेऊन शुभंकर पुढे आला, तेव्हा भाटकरांनी ती हातानेच बाजूला केली.

"मी कोणाला मिठी मारली?"

शुभंकर हसला. "काका, थोडं स्वातंत्र्य घ्यावं लागतं. वाचकाला थरार हवा असतो."

"मग कादंबरी म्हणा! सत्यकथा कशाला छापलंत? ते पोर जाळं वाचवायला उभं होतं. माझ्या डोळ्यांदेखत मेलं. तुमच्या वाचकाला मजा यावी म्हणून तुम्ही त्याला दरोडेखोर केलंत! त्याला एकदा गोळीने मारलान, आता तुम्ही शाईने मारताय!"

"पण काका, जहाजाच्या अहवालात 'हल्ला परतवला' असंच आहे," शुभंकरचा आवाज चढला. "त्यावर साक्षीदार म्हणून तुमची सही आहे. मी कागदावर विश्वास ठेवला."

मागच्या रांगेतून कोणीतरी विचारलं, "मग सही का केलीत?"

"भ्यालो," ते म्हणाले. "कॅप्टन म्हणाला, सही कर, नाहीतर पुन्हा कुठल्या जहाजावर चढू देणार नाही. घरी दोन मुली होत्या. केली सही." मग ते शुभंकरकडे वळले. "हे पण मी तुम्हाला सांगितलं होतं. रडत सांगितलं होतं. तुमच्या रेकॉर्डरमध्ये आहे. ते का नाही छापलंत? माझा भित्रेपणा छापायचात! तो खरा होता!"

शुभंकर शालीची घडी घालू लागला. शेजारी बसलेला प्रकाशक पुटपुटला, "पुढच्या आवृत्तीत बघू." अध्यक्षांनी चहाची घोषणा केली. निम्मे लोक उठले, काही शुभंकरच्या सहीसाठी रांगेतही उभे राहिले. ते बघून भाटकरांच्या अंगाचा तिळपापड झाला.

ग्रंथपाल राजश्री तेवढी त्यांच्याजवळ आली. "काका, तुम्ही लिहून द्या. आमच्या प्रतीत सातव्या प्रकरणासमोर मी चिकटवते. कोणी हरकत घेतली तर बघून घेईन."

"एका प्रतीने काय होणार?" ते चिडूनच म्हणाले. पण त्याच टेबलाशी बसून त्यांनी तीन पानं लिहिली. घरी आल्यावर मृणालीकडून आणखी एक कागद लिहून घेतला, जहाज कंपनीसाठी : अहवालावरची माझी सही खोट्यावर आहे, ती मी मागे घेतो. होडीतली माणसं मच्छीमार होती. त्यांच्या घरच्यांना शोधा.

महिना झाला, कंपनीचं उत्तर आलं नाही. शुभंकरने फोन करून दिलगिरी व्यक्त केली. दुसरी आवृत्ती मात्र जशीच्या तशी निघाली. मृणालीने दुकानात बघितली आणि भीत भीत घरी सांगितलं.

भाटकरांनी चष्मा काढून पुसला.

"वकील बघ गो एखादा," ते म्हणाले. "आणि कंपनीला दुसरं पत्र घाल. ह्या वेळी रजिस्टर्ड."