एकतिसाव्या मजल्यावरचा रस्सा

भागीरथी म्हात्रेने उभ्या आयुष्यात दोन गोष्टींना हात लावला नव्हता, विमानाला आणि डुकराच्या मटणाला. त्यातली दुसरी त्या रविवारी सकाळी आठ वाजता तिच्या नव्याकोऱ्या टोपात पडली, आणि तीही तिच्या स्वतःच्या हट्टापायी.

कारणही तसंच होतं. मुलगा हितेश चौतिशीला आला होता. अकरा मुली बघून त्याने अकरा वेळा नकार दिला, आणि बाराव्या वेळी कोणाला न विचारता स्वतःच एक शोधली. ऐरोलीच्याच आयटी पार्कात त्याच्या शेजारच्या खुर्चीवर बसणारी पेमा. गाव अरुणाचलात तवांगजवळ, दहा हजार फुटांवर. पोरगी भागीरथीला पहिल्याच भेटीत आवडली, कारण तिने सुकटीचं कालवण दोनदा मागून घेतलं. अडलं होतं ते पेमाच्या बाबांपाशी. खाली समुद्राकाठी माझी मुलगी खाणार काय, आणि तिला समजून कोण घेणार, असं त्यांनी फोनवर विचारलं होतं. रविवारी ते जेवायला येणार होते. हो की नाही ते जेवण झाल्यावर सांगणार होते.

“खानार काय म्हंजे?” भागीरथी उसळली. “त्यांचा तो डुकराचा मिरचीवाला रस्सा मीच रांधनार. बघते कसा नाय बोलतो!”

कृती पेमाच्या आईने फोनवर सांगितली, हिंदीत. चरबीसकट तुकडे, मूठभर सुक्या लाल मिरच्या, आलं, लसूण, शेवटी मुळा आणि मोहरीचा पाला. वेळेचं विचारलं तेव्हा बाई म्हणाल्या, “हमारे यहाँ चार घंटे. पहाड़ पर पानी उबल तो जाता है, पर उतना गरम नहीं होता. आप लोग तो नीचे रहते हो, डेढ़ घंटे में हो जाएगा.”

नीचे! भागीरथीला त्या बाईची कीव आली. बिचारीला काय माहीत! दोनच महिन्यांपूर्वी म्हात्र्यांचं गावातलं बैठं घर बिल्डरने घेतलं होतं आणि त्या बदल्यात त्यांना टॉवरमध्ये एकतिसाव्या मजल्यावर नेऊन बसवलं होतं. तेव्हापासून भागीरथीचं काही म्हणून धड शिजत नव्हतं. वाल टणक राहायचे, भात फडफडीत व्हायचा. दोष खरं तर काचेच्या नव्या शेगडीचा होता, तिची आच होती देवापुढच्या निरांजनाएवढी. पण भागीरथीने सगळं खापर फोडलं ते उंचीवर. नवऱ्याने, म्हणजे दिनानाथने, त्यावर शास्त्राचा शिक्का मारला.

“अगं, पानी वर चरवायलाच दोन मोटरी लागतात. मग उकलायला टाइम नाय लागनार?”

“तर काय! दीड तास खालच्या लोकांचा. आपन वरचे.”

दहा हजार फूट कुठे आणि तीनशे फूट कुठे, हा हिशेब सांगायला हितेश घरात नव्हता. तो पेमाला घेऊन पाहुण्यांना आणायला गेला होता. म्हणून चार तास ठरले. काचेच्या शेगडीवर तिचा भरवसा नव्हता, तेव्हा बाल्कनीत जुनी मोठी शेगडी लागली, आणि तिची आच मात्र बक्कळ होती.

काय वास सुटला म्हणून सांगू! दिनानाथ पहिल्या तासाला पेपर ठेवून उठला, दुसऱ्या तासाला वाटी घेऊन आला, तिसऱ्या तासाला लुंगी सावरत टोपाभोवती चक्क नाचला. भागीरथी दर दहा मिनिटांनी पळी तळापर्यंत घालून ढवळत होती आणि विहीणबाईंशी मनातल्या मनात गप्पा मारत होती. इतका आनंद तिला नव्या घरात आल्यापासून झाला नव्हता.

शेवटचा तासभर टोप झाकून ठेवला. बारा वाजता तिने झाकण काढलं, पळी फिरवली. पळी गरगर फिरली. कशाला अडलीच नाही.

“अहो, मटान कुठं गेला?”

“माझ्याकडं काय बघतंस? मी रस्साच चाखला.”

“चार वाट्या!”

“पन रस्साच!”

दोघं टोपात डोकावली. एक तुकडा दिसला, भागीरथीने तो पळीवर घेतला, तर तोही वाफेसरशी विरून गेला. दिनानाथला हसू फुटलं. भागीरथीने त्याच्यावर डोळे वटारले आणि वटारता वटारता तिलाही फुटलं. तेवढ्यात बेल वाजली.

पेमाचे बाबा बुटके, रुंद आणि गंभीर होते. “नमस्ते” म्हणाले, आणि त्यानंतर त्यांचं तोंड मिटलं ते मिटलंच. पाणी दिलं, प्यायले. खाडी दाखवली, बघितली. हितेशने हवामानावर दोन वाक्यं टाकली, ती वाया गेली. भागीरथीने भात वाढला, रस्सा वाढला आणि श्वास रोखून उभी राहिली. त्यांनी चमचा वाटीत फिरवला. तुकडा शोधला. नव्हताच. एक घास तोंडात घातला, डोळे टचकन भरले, चेहरा लालबुंद झाला, आणि चमचा खाली ठेवला.

भागीरथीला मेल्याहून मेल्यासारखं झालं.

“भाईसाब, मेरा चुकी हाय,” ती हात जोडून म्हणाली. “आपका मिसेस बोली डेढ़ घंटा. मय चार घंटा रखा. हम लोग एकतीस माले पे रयता ना, तो मेरेकू लगा, इधर भी पहाड़ का माफिक टाइम लगता.”

पाहुणे उठले, बाल्कनीपर्यंत गेले आणि खाली डोकावले. मग त्यांचे खांदे हलायला लागले. भागीरथीला वाटलं, रडतायत. पण ते हसत होते. रेलिंग धरून, पोट धरून, तोंडावर हात दाबून हसत होते.

“मेरी ज़ुबान जल गई है,” ते कसेबसे म्हणाले. “सुबह लॉज में चाय उबली और मैंने सीधी मुँह से लगा ली, जैसे घर में पीता हूँ. यहाँ की उबली चाय तो आग है! शर्म के मारे किसी को बताया नहीं. मैं नीचे आकर भूल गया कि नीचे आया हूँ. और आप, बहनजी, एकतीस मंज़िल चढ़कर पहाड़ पहुँच गईं!”

“अगो बाय माझे!” भागीरथी स्वयंपाकघरात धावली. नारळ फोडला, खवला, घट्ट दूध पिळून रस्स्यात ओतलं, भात कालवून मऊ केला आणि परातीत पसरून पदराने वारा घातला. भाजलेल्या तोंडाला चावायचं काही नव्हतंच, सगळं आधीच विरघळलं होतं. पाहुण्यांनी एक वाटी संपवली. मग दुसरी. तिसरी त्यांनी स्वतःहून मागितली. पेमा बघतच राहिली, बाबांना एवढं हसताना तिने वर्षानुवर्षं पाहिलं नव्हतं.

दिनानाथने संधी साधली. “तो फिर शादी उपर करने का के नीचे?”

पाहुण्यांनी वाटी पुसून घेतली. आधी पेमाकडे बघितलं, मग भागीरथीकडे.

“दोनों जगह. ऊपर का खाना हमारी तरफ़ से. यहाँ का बहनजी बनाएँगी, और चार ही घंटे पकाएँगी.”

हितेश बावळटासारखा हसत उभा राहिला. भागीरथीने खरकट्या हातानेच पेमाचा फोन ओढून घेतला, कारण ही बातमी विहीणबाईंना तिला सगळ्यांच्या आधी द्यायची होती.