घोड्यांची तोंडं

बुद्धिबळाच्या क्लबातल्या काचेच्या कपाटाची किल्ली मास्तरांकडे असे, पण त्या कपाटात मास्तरांचं स्वतःचं असं काही नव्हतं. सगळं धाकट्या भावाचं. शाळेत असताना जिंकलेला पहिला चषक, ग्रँडमास्टर झाला तेव्हाचा फोटो, डोळे बांधून एकाच वेळी अख्ख्या हॉलशी खेळला होता ती काळी पट्टी, आणि मधोमध जगज्जेतेपदाचं पदक. प्रत्येक वस्तूखालची चिठ्ठी मात्र मास्तरांच्या वळणदार अक्षरातली. भावाचा पराक्रम आपल्याच हातानं लिहायचा, काच आपल्याच रुमालानं पुसायची आणि कुणी "तुम्ही त्यांचे भाऊ ना?" असं विचारलं की हसायचं. हसताना पोटात काय जळत असे ते त्यांचं त्यांनाच ठाऊक. "थोरला भाऊ," ते सांगत, "मीच शिकवलं त्याला." ऐकणारा मान डोलवी आणि पुन्हा पदकाकडे वळे.

खोटं नव्हतं ते. वडिलांच्या लाकडी पटावर दोघं शिकले होते, आणि तो पट आता मास्तरांच्या घरी होता. वडिलांचा कायदा कडक. सोंगटीला हात लावला की तीच खेळायची, मग डाव बुडाला तरी बेहत्तर. तिरकी झालेली सोंगटी नुसती सरळ करायची असेल तर आधी मोठ्यानं म्हणायचं, "नीट करतो." धाकटा ते इमानेइतबारे म्हणे. मास्तर पुष्कळदा गिळून टाकत. शिवाय मांडलेला पट पाहूनच वडील ओळखत, तो कोणी मांडला ते. मास्तरांचे घोडे समोरच्यावर डोळे रोखून उभे असत, आणि धाकट्याचे घोडे मान वळवून आपल्याच राजाकडे पाहत. "हा लढणार, तो सांभाळणार," वडील म्हणायचे. पुढे सांभाळणारा जगज्जेता झाला आणि लढणारा क्लबात पोरांना प्यादी शिकवत राहिला. मास्तरांना ते कधी पचलं नाही.

त्या वर्षी धाकटा परदेशात किताब राखायला बसला होता आणि सुरुवातीलाच चांगला आघाडीवर होता. मास्तर रोज संध्याकाळी त्याचा डाव घरच्या पटावर लावून पाहत, एखादी चूक सापडते का म्हणून. असंच एकदा सोंगट्या मांडून झाल्या आणि त्यांचा हात थबकला. चारही घोडे मान वळवून राजाकडे पाहत होते.

"पटाला हात लावलास का गं?" त्यांनी आत विचारलं.

"मी कशाला लावू तुमच्या घोड्यांना हात?" बायको पदराला हात पुसत दारात आली. "धूळसुद्धा तुम्हीच पुसता. आत्ता माझ्यादेखत तर मांडलेत."

मास्तरांनी घोडे सरळ केले. दुसऱ्या दिवशी पुन्हा तेच. आपल्या बोटांनी ते कधी वळवले, हे त्यांना आठवेना. मग पेपरात सामन्याचा फोटो आला. धाकट्याच्या पटावरचे घोडे थेट समोर पाहत होते.

तिथून पारडं फिरलं. इकडे क्लबात मास्तर जिंकू लागले, तेही भराभर, विचार न करता. चाल जणू आधीच हातात येऊन बसलेली असे. क्लबाचे सेक्रेटरी थट्टेनं म्हणाले, "काय हो, हल्ली अगदी धाकट्यासारखे बसता, एक पाय मांडीखाली घेऊन! शिकवणी लावलीत की काय?" आणि तिकडे धाकटा हरू लागला. जिंकलेल्या डावात त्याचा हात सोंगटीपाशी जाऊन अडे, घड्याळ पळत राही आणि वेळ संपे. मास्तर उभा जन्म असेच हरत आले होते. पेपर वाचताना त्यांना गुदगुल्या होत. लाज वाटायला हवी होती, पण वाटली नाही.

शेवटच्या डावाआधी दोघांचे गुण बरोबरीत आले, आणि धाकट्याचा फोन आला.

"दादा, एक मागू? पटाला हात लावू नकोस. उद्यापुरता."

"इथून? वेड लागलंय का तुला?"

"लागलं असेल. पण चाल सुचते रे, आणि हात तुझा असल्यासारखा थांबतो." मग तो हळू आवाजात म्हणाला, "लहानपणी तू न सांगता सोंगट्या सरकवायचास. मला कळायचं. मी बोललो नाही कधी."

"मग आता का बोलतोस?"

"कारण हात लावला की खेळावंच लागतं, दादा. दोघांनाही."

मास्तरांनी हो म्हटलं. पाळलंही असतं कदाचित. पण सकाळी सेक्रेटरी कपाटाशी उभे राहून म्हणाले, "हा वरचा कप्पा मोकळा करा. नवीन चषकाची चिठ्ठी आजच लिहून ठेवा ना, तुमचं अक्षर किती छान!" आणि मास्तरांचं डोकंच फिरलं. ते तडक घरी गेले. बायको बाहेर गेली होती. आजवर ज्या खुर्चीत ते कधी बसले नव्हते, त्या खिडकीजवळच्या, लहानपणापासून धाकट्याच्या म्हणून ठरलेल्या खुर्चीत ते बसले. एक शब्द न बोलता त्यांनी आज धाकट्याकडे असणार होता तो पांढरा राजा उचलला आणि शेजारच्या रिकाम्या चौकोनात ठेवला.

क्लबात परतले तेव्हा हॉल गच्च भरला होता, आणि फोनवरून कळणारी चाल सेक्रेटरी भिंतीवरच्या मोठ्या पटावर लावत होते. धाकटा सरळ जिंकत होता. मग निरोप आला, आणि सेक्रेटरींच्या हातातली सोंगटी तशीच राहिली. धाकट्यानं काही न बोलता राजाला हात लावला होता. पंचांनी नियम दाखवला. राजा हलवावा लागला, आणि डाव गेला.

मास्तरांना आतून इतकं गोड वाटलं की ते लपवायला त्यांनी रुमाल तोंडावर धरला. लोक बाजूला होऊन वाट देऊ लागले. सेक्रेटरींनी पाठीवर हात ठेवला, पण नजर चुकवली. रस्त्यात एका अनोळखी गृहस्थानं हात जोडले. "मनाला लावून घेऊ नका, साहेब. पुढच्या वेळी तुम्हीच जिंकाल." मास्तर आनंदात होते, म्हणून त्या बोलण्याकडे त्यांचं लक्ष गेलं नाही.

घराची बेल वाजवली. बायकोनं दार उघडलं, त्यांच्याकडे पाहिलं आणि लगबगीनं पदर सारखा केला.

"अगंबाई, भावजी! इतक्यात विमानातून उतरलातसुद्धा?" तिचा आवाज मऊ झाला. "या, आत या. कळलं आम्हाला. हे तर क्लबातून आल्यापासून नुसते बसून आहेत, जेवलेसुद्धा नाहीत."

"अगं, मी..." एवढंच मास्तरांच्या तोंडून निघालं. तिनं परक्या माणसासमोर घालावी तशी अदबीनं मान खाली घातली आणि पाणी आणायला गेली.

आतल्या खोलीचं दार अर्धं उघडं होतं. वडिलांचा पट मांडलेला दिसत होता. खिडकीजवळची खुर्ची रिकामी होती, आणि मास्तरांच्या रोजच्या खुर्चीत कुणीतरी पाठमोरं बसलं होतं. त्यांचाच स्वेटर, मानेवर त्यांचेच पिकलेले केस. पटावरचे घोडे मान वळवून राजाकडे पाहत होते. त्या माणसानं एका घोड्याकडे हात नेला, पण बोट टेकवण्याआधी तो थांबला आणि मास्तरांच्याच आवाजात, इमानेइतबारे म्हणाला,

"नीट करतो."