पद्माबाईचा जबाब

हट्ट्याला, म्हणजे माझ्या गावी, माझ्या निवृत्तीचा सत्कार झाला, तेव्हा पहिला प्रश्न ठरलेलाच आला: "रत्नपालसाहेब, तुम्ही नेमकं बनवलं काय?" छत्तीस वर्षं संरक्षण खात्याच्या प्रयोगशाळेत रडारच्या रिसीव्हरवर काम केलं, एवढंच सांगता येतं. बाकीचं बायकोलाही ठाऊक नाही. म्हणून मी नोकरी लागली कशी, तेच सांगितलं. ती हातची जाणारच होती, तीही आईमुळे.

निवड झाल्यावर पोलीस चौकशी होते, हे मी घरी बोललोच नव्हतो. चूक माझीच. जमादार दारात येऊन म्हणाला, "रत्नपाल इथंच राहतो का?" माझी आई, पद्माबाई, अंगणात मिरच्यांचे देठ खुडत बसली होती. ते अंगण अजून जसंच्या तसं डोळ्यांपुढे आहे. तिने वर न बघता सांगून टाकलं, "ह्या नावाचं कोणी न्हाई इथं. मला पोरगंच न्हाई."

तसाच अहवाल गेला. मला औरंगाबादच्या खोलीवर पत्र आलं: दिलेल्या पत्त्यावर व्यक्ती आढळली नाही, पंधरा दिवसांत खुलासा करा, नाहीतर निवड रद्द. मी तडक गावी आलो आणि आईवर ओरडलो. "माझं वाटोळं केलंस," म्हणालो. आज ते आठवलं की स्वतःचीच लाज वाटते. ती एवढंच म्हणाली, "चल ठाण्यात. मी बोलते."

रस्ताभर मी तिला पढवत होतो: चूक झाली म्हण, हात जोड. इंजिनिअरिंगला पहिला आलेला मी. मला वाटे, आपल्याला सगळं कळतं.

जमादार फाइल उघडून म्हणाला, "बाई, मागं न्हाई म्हणलात, आता व्हय म्हणता. खरं कोणतं?"

आईने हात जोडले नाहीत. "साहेब, पोरगं माझंच हाय. पण तुमी काहून आलात ते सांगितलं न्हाई. आमच्या वस्तीत पोलीस चांगली खबर घेऊन आलेला मी आजवर पाहिला न्हाई. म्हणून लपवलं. तुमच्या आईनं काय केलं असतं?"

मला वाटलं, संपलं सगळं. जमादाराने हातातलं पेन खाली ठेवलं. मग त्याने शेजारची खुर्ची पुढे सरकवली. "बसा, मावशी."

आम्ही आल्यापासून ती उभीच होती, हे तेव्हा कुठे माझ्या ध्यानात आलं.

"मागून बसते," आई म्हणाली. "आधी लिवा."