मचव्याचंही ऐकून घ्या

मला बोलायची हौस नाही. पण नावाड्याची लेक हट्टाला पेटली. "मचवेआजोबा, कोर्टात सगळे बोलले, तुम्हाला कुणी विचारलंच नाही. आता तुम्हीच सांगा." आजोबा म्हणाली म्हणून सांगतो. मध्येच कुणी जांभई दिली तर गप्प बसेन.

मी लाकडी मचवा. नदीच्या या तीरावरची माणसं त्या तीरावर नेणारा. नावाड्याच्या बापानं मला बांधलं, सांध्यांत काथ्या ठोकला, वरून राळ फासली. माझ्यात बसून नवऱ्या सासरी गेल्या आणि भांडून परतही आल्या. जाताना रडायच्या, येताना शिव्या घालायच्या. दोन्ही मी निमूट वाहिलं.

माझ्या जातीची एक रीत आहे. वर्दळ ओसरली की नावाडी मला काठालगत, तळात दगड रचून, मुद्दाम बुडवून ठेवतो. लाकूड पाणी पितं, फळ्या फुगतात, सांधे मिटतात. म्हातारं माणूस पाय पाण्यात सोडून बसतं ना, तसं ते सुख.

नेमका त्या सुखात होतो, तेव्हा परवानाखात्याचे पाहणीवाले साहेब आले. वर्षाचा परवाना नवा करायचा होता. नावाडी बाजारात गेला होता. साहेबांनी काठावरून वाकून पाहिलं, बुटाच्या टोकानं मला ढोसलं. "हे तर बुडालंय! कुजकं लाकूड!" आले तसे गेले.

परवाना नाकारला. कारण दिलं नाही, विचारलं नाही. वर हुकूम, की मचवा पाण्याबाहेर काढा. मला ओढून वाळूवर टाकलं.

लेक म्हणाली, "बाबा, कोर्टात जाऊ."

"कोर्टाची पायरी शहाण्यानं चढू नये, बाई."

"मग तुम्हाला काय अडचण आहे?"

नावाडी हसला आणि कोर्टात गेला.

कोर्टाचं चाक बैलगाडीच्या चालीनं चालतं. वाळूवर माझे दोन उन्हाळे गेले. समोर नदी, मी कोरडा. कडेला पाणी चुबुकचुबुक वाजायचं आणि माझ्या फळ्या तडतडायच्या. सांधे इतके उघडले, की मुंग्या आरपार जाऊ लागल्या. नदीचा वास आला की वाटायचं, कुणी एक ओंजळ तरी उडवा रे.

शेवटी निकाल लागला. लेक धावत आली. "जिंकलो!"

"मग ढकल मला," असं मी मनात म्हणतोय, तोवर नावाडी मागून आला, तोंड पाडून. न्यायाधीशबाई म्हणाल्या होत्या, "मचवा चांगला की वाईट, परवाना द्यावा की नाही, हे ठरवणं आमचं काम नाही, ते खात्याचं. पण माणसाचं म्हणणं न ऐकता, कारण न देता नाकारणं चालणार नाही. हुकूम रद्द. पुन्हा पाहा, ऐकून घ्या, मग कारणांसह ठरवा. तोवर मचवा पाण्यात नेऊ नये."

म्हणजे परत त्याच साहेबांकडे! आणि आता मी खरोखरच गळका. पाण्यात गेल्याशिवाय सांधे मिटत नाहीत, सांधे मिटल्याशिवाय परवाना नाही, परवान्याशिवाय पाणी नाही.

नावाडी डोकं धरून बसला. लेक मात्र बादली घेऊन उठली.

"अगं, बंदी आहे ना!"

"मचवा पाण्यात नेऊ नका म्हणाल्यात. पाणी मचव्यात आणू नका असं कुठं म्हणाल्यात?"

ती ओतायची, माझ्यातून वाहून जायचं. पुन्हा ओतायची. हळूहळू वाहणं झिरपण्यावर आलं, झिरपणं थेंबांवर. किती दिवसांनी नदी चाखली. बादलीतली का असेना, नदीच ती.

काल साहेब आले. वाकून पाहिलं, तळात पाणी. "अजून पा..." म्हणेपर्यंत लेकीनं मोडकी खुर्ची पुढं सरकवली. "बसा साहेब. या खेपेला ऐकायचं आहे."

बसावंच लागलं. नावाड्यानं बुडवण्याची रीत पहिल्यापासून सांगितली, तीही न चिडता. साहेबांनी सगळं लिहून घेतलं. मग खाली वाकले, तळाचा सांधा बाहेरून बोटानं चाचपला. बोट कोरडं निघालं. कागदाची घडी घातली आणि निघून गेले.

निर्णय यायचा आहे. होय म्हणतील किंवा नाही, या खेपेला कारण तरी देतील. मी नाळ, म्हणजे माझं पुढचं टोक, नदीकडं करून पडलोय. लाट काठाला लागली की माझा तळ अजून शहारतो. मरायचंच असेल तर पाण्यात मरू द्या, एवढंच माझं म्हणणं.

आणि हो. परवाना खात्याचा, तो खातं देईल न देईल. पण मला माझ्याच काठावर कुजकं लाकूड म्हणाले, त्याची माफी पाहणीवाल्या साहेबांनी अजून मागितलेली नाही.