कप्तानाच्या दारात बैल

बस्सूने सुरी दगडावर घासली, अंगठ्याने धार पाहिली आणि पुन्हा घासायला बसला.

"अजून किती घासशील?" तूदा म्हणाली. "तोवर बैल म्हातारा होऊन आपोआप मरेल."

"धार हवी ना."

"सुरीला आली. आता तुला येऊ दे."

बस्सूने बायकोकडे पाहिलं, मग बैलाकडे. दोघंही त्याच्याकडेच पाहत होते. त्याने मुंडासं सारखं केलं आणि बैलाचं दावं सोडलं.

आयत वरसन टोळीत दर वसंतात नवा अमघर निवडतात. तो वर्षभराचा पुढारी. एका भावकीची पाळी आली की तिच्यातला माणूस बाकीच्या भावक्या निवडतात. त्या भावकीला स्वतः तोंड उघडायची मुभा नसते. यंदा पाळी बस्सूच्या भावकीची होती. खिंडीच्या तोंडावर फ्रेंचांनी किल्ला बांधून बुरुजावर तोफ चढवली होती. येत्या हिवाळ्यात शरण जाणारा अमघर म्हणून नातवंडांच्या तोंडी नाव राहावं, असं कुणालाच वाटत नव्हतं. निवडीच्या दिवशी भावकीतल्या एकाची घोडी व्यायला आली, एकाची दाढ दुखू लागली आणि एकाला सासूची आठवण झाली. बस्सू खरोखरच हरवलेली शेळी शोधायला गेला होता. शेळी घेऊन परतला तेव्हा लोकांनी अमघरची खूण म्हणून त्याच्या मुंडाशात गवताची हिरवी काडी खोचली आणि मिठ्या मारल्या. शेळीही दुसऱ्याचीच निघाली.

आता डोंगरावर बर्फ उतरत होतं. हिवाळी कुरण खिंडीच्या पलीकडे होतं आणि मेंढ्या उपाशी होत्या. कप्तान दुप्लानचा निरोप सरळ होता: दारात येऊन बैल कापा, म्हणजे शरण आलात. पुढच्या बाजारापर्यंत बंदुका जमा करा, म्हणजे खिंड उघडेल. टोळी बसली, बोलली, भांडली आणि शेवटी एकमताने ठरलं: बैल द्यायचा, बंदुका द्यायच्या नाहीत. ते कसं जमवायचं, ते अमघर बघेल.

किल्ल्याच्या दारासमोर खुर्च्या मांडल्या होत्या. कप्तान पांढरे हातमोजे घालून बसला होता. शेजारी दुभाष्या सी कद्दूर उभा होता. हा अल्जीरियाकडचा, सगळ्यांच्या भाषा त्याला यायच्या आणि सगळ्यांचा कंटाळाही. तटावरून शिपाई खाली पाहत होते. सार्जंट सोडला तर सगळे आसपासच्याच डोंगरांतले, पगारावर आलेले.

बस्सूने बैल पुढे आणला. सार्जंटने मोकळ्या जागेकडे बोट दाखवलं. बस्सूने मान डोलावली आणि बैल थेट दारापाशी नेला.

"उंबऱ्यावर," तूदा मागून पुटपुटली. "नीट उंबऱ्यावर."

बैल पडला. रक्त उंबऱ्यावरून वाहत आत शिरलं. तटावरची कुजबुज थांबली.

कप्तानाने टाळी वाजवली. "आता म्हणावं, शरण आलो."

सी कद्दूरने ते सांगितलं. बस्सूने सुरी गवताला पुसली.

"तुझ्या दारात रक्त सांडलंय," तो कप्तानाला म्हणाला. "आता माझं मागणं ऐक. इथून निघून जा."

सी कद्दूरने उंबऱ्याकडे पाहिलं.

"काय म्हणाला?" कप्तानाने विचारलं.

"तुम्हाला जायला सांगतोय, साहेब."

"कुठे?"

"ते त्याने तुमच्यावर सोडलंय."

कप्तान हसला. मग दुभाष्या हसत नाही, हे त्याच्या ध्यानात आलं. "बैल कापला म्हणजे शरण येणं ना?"

"तो तुमच्याकडचा अर्थ, साहेब. यांच्यात ही रक्ताची गळ. ज्याच्या दारात जनावर कापलं, त्याने मागणं पुरवायचं. नाही पुरवलं तर त्या दाराला शाप. उंबरा ओलांडेल त्याचं घर बसतं, मेंढरं मरतात."

"मग आधीच्या टोळ्यांनी काही कसं मागितलं नाही?"

"मागितलं की. दर वेळी बैल पडला की आपला बँड सुरू व्हायचा."

आज बँड दुसऱ्या किल्ल्यावर गेला होता. कप्तान उठला, रक्तावरून बूट टाकत आत गेला आणि दारातूनच म्हणाला, "बंदुका. बाजारापर्यंत."

परतताना तूदा म्हणाली, "धार आली म्हणायची."

"तो जाणार नाही, तूदा."

"ते मलाही कळलं. पण त्याला सांगायला कुणीतरी हवंच होतं."

बाजार दोन दिवसांवर आला तेव्हा बस्सू खेचराला पाणी पाजायच्या निमित्ताने किल्ल्याखालच्या झऱ्यावर गेला. तटावरून दोराला बांधलेली बादली खाली आली आणि त्याच्या डोक्याला लागली.

"बस्सूकाका, माफ कर हं!" वरून शेजारच्या टोळीतला मीमून ओरडला. अंगावर फ्रेंच गणवेश, डोक्याला आईने विणलेली टोपी. "आता लागलीच आहे तर भरून दे."

"खाली ये आणि भर की."

"कुठून येऊ? दारात तुझा बैल सांडलाय. आम्ही कुणी पाऊल टाकत नाही."

"पुसलं नाही का कुणी?"

"कप्तानाने पुसलं. स्वतःच्या हातांनी, साबण लावून. आम्ही वरून बघत होतो. रोज सकाळी आम्हाला दाखवायला दारातून आत-बाहेर, आत-बाहेर करतो. म्हणतो, बघा, मला काही झालं का?"

"मग?"

"त्याला काय होणार? त्याची मेंढरं कुठायत इथे?"

बस्सूने बादली भरली. मीमून ओढू लागला. निम्मं पाणी बस्सूच्या अंगावर पडलं.

"चेष्टा सोड, काका, पण जपून राहा," मीमून आवाज खाली आणत म्हणाला. "चार दिवसांनी जनरल येणारे. त्याला काय बादलीत बसवून वर घ्यायचं? कप्तानाने दुभाष्याला उपाय विचारला. तो म्हणाला, उलटी गळ घाला. उद्या कप्तान तुझ्या दारात बैल आणतोय. शाप मागे घ्यायला लावणार, आणि बंदुकाही मागणार."

बस्सूच्या अंगावरचं पाणी एकदम गार लागलं. रक्ताला जात नसते. फ्रेंचाच्या हातचा बैल असला तरी एकदा दारात पडला की तो बांधला जाणार. नाही म्हटलं तर शाप त्याच्या मेंढ्यांवर, त्याच्या टोळीवर. आपलीच रीत धरून कप्तान बंदुका नेणार होता.

तो धावतच वर आला. तूदा तंबूच्या दाराशी भाकऱ्या भाजत होती. तिने सगळं ऐकून घेतलं. भाकरी करपली तरी उलटली नाही.

"आपण आधी गोळी घालू त्याला," ती म्हणाली.

"पाहुणा म्हणून येतोय. हातात बैल असेल."

"मेल्याला रीत बरी कळली!"

"अर्धीच कळलीय." बस्सू तंबूकडे पाहत होता. शेळीच्या केसांचा काळा तंबू, दोन खांब, आणि वर उचललेला एक पडदा, तेच दार. मग त्याने जाऊन पुढचा खांब काढला. तंबू भाकऱ्यांवर बसला.

"अरे!"

"सगळ्यांना सांग," बस्सू म्हणाला. "टोळीत एकही दार उभं दिसता कामा नये."

दुसऱ्या दिवशी ऊन चढताना कप्तान आला. मागे सी कद्दूर. तो तबेल्याच्या खिडकीतून बाहेर पडला होता. कोटाला गवत तसंच होतं. बैल खुद्द कप्तानाने धरला होता, कारण धरायला दुसरं कुणी बाहेर आलंच नव्हतं. समोर खेचरं लादलेली, तंबू गुंडाळलेले, मेंढ्या निघायच्या तयारीत, आणि माणसांच्या खांद्यांवर बंदुका.

"अमघरचं दार कुठाय?" सी कद्दूरने विचारलं.

बस्सूने खेचरावरच्या गाठोड्यावर हात ठेवला. "हे काय."

"ते उभं करा म्हणतात साहेब."

"करू की. गवत असेल तिथे करतो आम्ही."

"गवत कुठे आहे?"

"खिंडीच्या पलीकडे."

सी कद्दूरने भाषांतर केलं. कप्तान लाल झाला, मग पांढरा. उघड्यावरच कापतो म्हणाला.

"कापा," बस्सू म्हणाला. "आम्हाला मांस चालतं. पण ती गळ नव्हे."

कप्तानाने दुभाष्याकडे पाहिलं. सी कद्दूरने खांदे उडवले. "खरंय, साहेब. दारच नाही."

"किल्ल्याचं दार का नाही उचलत?" तूदा मध्येच म्हणाली. "अडचण असेल तर आमच्याकडे एक खेचर मोकळं आहे."

याचं भाषांतर सी कद्दूरने केलं नाही.

कळप निघाला. कप्तान तिथेच उभा राहिला. त्याने एकदा बैलाकडे पाहिलं, एकदा खाली किल्ल्याकडे. जनरल यायचा होता, आणि दार आता खिंडीपलीकडेच उभं राहणार होतं. त्याने दावं हाताला गुंडाळलं आणि मेंढ्यांच्या मागून चालायला लागला.

खिंडीत बस्सू पुढे होता. बुरुजावरची तोफ त्यांच्याकडेच रोखलेली होती. तिच्यामागे मीमून आणि दोन शिपाई उभे होते. मागे वळून पाहायचं नाही, असं बस्सूने ठरवलं आणि वळून पाहिलं. बायका, पोरं, मेंढ्या, आणि सगळ्यांत शेवटी, धुळीत, हातमोज्यांतला कप्तान.

सार्जंटने दुर्बीण लावली, काढली, पुन्हा लावली. तोफेला हात कुणी लावला नाही. किल्ल्याचा हुकूम मात्र पक्का होता: कप्तान बाहेरून येताना दिसला की सलामी. बिगुल वाजला. तटावरच्या शिपायांनी बंदुका छातीशी उभ्या धरल्या.

टोळी थबकली. एवढ्या बंदुका एकदम उचललेल्या पाहून म्हाताऱ्यांचे हात आपापल्या बंदुकांकडे गेले. मेंढ्या मात्र थांबल्या नाहीत. त्यांना पलीकडचा वास आला होता.

"ही सलामी कुणाला?" बस्सूने हळूच विचारलं.

"विचारू नकोस," तूदा म्हणाली. "विचारलंस तर त्यांना ठरवावं लागेल."