राजाची उडी

“सतरा झाले. आता अठरावा घ्या,” अर्जुनराव म्हणाले आणि विश्वेश्वरअप्पांच्या टेबलावर कोपर टेकून पुढं वाकले.

धारूरच्या तहसिलीसमोर, लिंबाखाली, हे टेबल गेली एकेचाळीस वर्षं होतं. अप्पा अर्जनवीस. कुणाचा फेरफार, कुणाचं रेशनकार्ड, कुणाचा बांधाचा तंटा. माणूस समोरच्या स्टुलावर बसून आपलं रडगाणं गायचा आणि अप्पा त्याचा शहाण्या मराठीत आठ ओळींचा अर्ज करून द्यायचे. आजचा कागद मात्र जाड आणि सोनेरी काठाचा होता. रविवारी बुद्धिबळपटू आम्रपालीचा गावात सत्कार होता. फ्लेक्स तर चौकाचौकात लागले होते, पण मानपत्र अप्पांच्या हातचंच शोभतं, असं सत्कार समितीचे अध्यक्ष म्हणून अर्जुनरावांनी ठरवून टाकलं होतं.

सतरा मुद्दे लिहिताना अप्पांचा हात दोनदा थांबला होता. राज्य अजिंक्यपद, तेही लागोपाठ तीन वर्षं. राष्ट्रीय ज्युनिअर विजेतेपद. आशियाई स्पर्धेत रौप्यपदक. हंगेरीत काळ्या मोहऱ्यांनी खेळून एका नावाजलेल्या ग्रँडमास्टरवर मात. आणि चोविसाव्या वर्षी महिला ग्रँडमास्टर. मराठवाड्याच्या एका कोपऱ्यातली, तहसिलीच्या आवारात चहाचे ग्लास विसळणारी पोर! अप्पांचा ऊर भरून आला होता आणि त्याच वेळी आत कुठंतरी कुसळ टोचत होतं.

“अठरावा काय?” त्यांनी विचारलं.

“ल्ह्या, ‘अध्यक्ष अर्जुनराव हे तिचे पहिले मार्गदर्शक’.”

अप्पांनी चष्म्यावरून पाहिलं. उंट तिरका चालतो की सरळ, हे अर्जुनरावांना ठाऊक असण्याची सुतराम शक्यता नव्हती.

“आवो, शाळेत वह्या वाटल्या मी, तवा तीबी रांगेत व्हती की. मार्गदर्शनच झालं ना ते?”

अप्पांनी निमूट लिहिलं. अर्जनविसाचा धर्मच तो: समोरचा सांगेल ते उतरवायचं, आपलं घुसडायचं नाही. शिवाय खरं सांगायचं तर त्यांना सुटल्यासारखंच वाटलं. त्या जागी जे नाव असायला हवं होतं ते त्यांचं स्वतःचं होतं, आणि ते तिथं नको होतं.

अर्जुनराव स्कूटर चालू करून गेले, तशी समोरच्या गाड्यावरून मालनबाई चहा घेऊन आली. लेक आम्रपाली पुण्यात नोकरीला लागली, मोठमोठ्या लोकांत बसू लागली, पण हिनं गाडा सोडला नव्हता. रिकामं बसलं की मला ताप येतो, म्हणायची.

“समदं ऐकलं मी,” तिनं ग्लास आदळला. “पोरीला पट शिकिवला तुमी, आन् नाव त्या वहीवाल्याचं? कावून वो अप्पा?”

“मालनबाई, गुरू म्हणवून घ्यायला तोंड लागतं.”

“त्येच डोक्यात हाय आजून?”

तेच होतं. पंधरा वर्षांपूर्वी याच टेबलावर, दुपारी साहेब जेवायला गेले की अप्पांचा पट मांडला जायचा. आठ वर्षांची आम्रपाली ग्लास गोळा करायला यायची ती तिथंच उभी राहायची. अप्पांनी तिला स्टुलावर बसवलं, पटावरची मोहरी ओळखायला शिकवलं, आणि वर्षभरात अशी गत झाली की आवारात तिच्यापुढं कुणी टिकेना. मग अप्पाच तिला हाताला धरून एसटीनं बीडला घेऊन गेले, जिल्हा स्पर्धेला.

चार डाव पोरीनं सरळ मारले. पाचव्यात तिचा राजा अडचणीत आला, तसा तिनं शांतपणे राजा उचलला आणि घोड्यासारखा अडीच घरं पलीकडं नेऊन ठेवला. समोरचा मुलगा फिस्सकन हसला. पंच आले. राजाला असं जाता येत नाही, म्हणाले. “येतं की. आजून शह न्हाई बसला, एक डाव उडी मारता येती,” आम्रपाली ठासून म्हणाली, “आमच्या अप्पांनी शिकिवलंय.” अख्खा हॉल हसला. राजाला हात लावला म्हणून राजाच हलवावा लागला, आणि त्याला जायला एकच घर होतं, मरणाचं.

अप्पांना त्यांच्या वडलांनी तसंच शिकवलं होतं. वडलांना आजोबांनी. गावोगाव पारावर हाच डाव चालायचा. जगाचा कायदा निराळा आहे, हे अप्पांना त्या हॉलमध्ये, भिंतीला टेकून उभं असताना कळलं.

परतीच्या बसमध्ये पोर रडली नाही. मांजरसुंब्याच्या पुढं कधीतरी तिनं एवढंच विचारलं, “अप्पा, तुमी मला खोटं कावून शिकिवलं?”

अप्पा खिडकीबाहेर बघत राहिले. महिन्याभरात बीडच्या एका क्रीडाशिक्षकांनी तिला शिकायला नेलं आणि अप्पांनी पट माळ्यावर टाकला. कुणी विचारलं तर डोळ्यांना दिसत नाही म्हणायचे. अर्ज मात्र बारीक अक्षरात लिहायचे.

“ती रविवारी येतीया,” मालनबाई म्हणाली. “बोला की तिच्याशी.”

“काय बोलू? जीभ रेटत न्हाई.”

“मग ल्ह्या. आख्ख्या तालुक्याचं ल्हिता, एकदा तुमचं ल्ह्या. द्यीन मी तिला.”

बोलायला सोपं होतं. अप्पांनी पाच कागद खराब केले. दुसऱ्याचं दुःख त्यांना एका दमात लिहिता यायचं, स्वतःचं म्हटलं की शाई वाळायची. शेवटी जी भाषा येत होती तीच त्यांनी वापरली.

“अर्जदार विश्वेश्वर, धंदा अर्जनविशी, राहणार धारूर, विनंती अर्ज करतो की, अर्जदाराने आपणास राजाच्या उडीचा नियम शिकवला. तो स्पर्धेत चालत नाही हे अर्जदारास माहीत नव्हते. माहीत नसणे हीसुद्धा शिकवणाऱ्याची चूकच. आपण बसमध्ये विचारले तेव्हा अर्जदाराने उत्तर दिले नाही. ही दुसरी चूक, आणि ती मोठी आहे. तरी मेहेरबान होऊन माफी मिळावी.”

घडी घालून त्यांनी तो मालनबाईकडं दिला.

रविवारी अप्पा मंडपात शेवटच्या रांगेत, खांबाच्या आडोशाला बसले. मानपत्राचं वाचन झालं. अठराव्या मुद्द्याला अर्जुनरावांनी उठून चारी दिशांना हात जोडले, लोकांनी टाळ्या वाजवल्या, अप्पांनीही वाजवल्या. आम्रपाली उंच, सावळी, शांत दिसत होती. ती बोलायला उभी राहिली तसे अप्पा उठले आणि घरी गेले. तिच्या तोंडून काहीही ऐकायचा धीर त्यांना नव्हता.

सोमवारी सकाळी त्यांनी टेबल पुसायला घेतलं, तर कुणीतरी स्टुलावर येऊन बसलं.

“अप्पा, वळखलं का?”

आम्रपाली होती. रस्त्यावर तिची गाडी उभी होती, ड्रायव्हर घड्याळात बघत होता.

“तुमचा अर्ज वाचला,” ती म्हणाली आणि घडी उलगडून कागद त्यांच्यापुढं सरकवला. “शेरा मारलाय.”

समासात, साहेब लोक मारतात तसा तिरपा, निळ्या शाईत शेरा होता. अप्पांनी चष्मा नीट केला.

“चौकशी केली. डाव हरल्यावर अर्जदार स्वतः उठून चहाच्या गाड्यापर्यंत यायचे आणि चार माणसांत आईला सांगायचे, ‘मालनबाई, तुमच्या लेकीनं आज मला मात दिली.’ नंतर मी पंधरा देशांत खेळले. हरलेला माणूस माझ्या आईला सांगायला गेला, असे पुन्हा कुठेही घडले नाही. सबब अर्जदाराची चूक आढळून येत नाही. अर्ज फेटाळला.”

खाली तिची सही होती, तारखेसकट.

अप्पांनी तो दोनदा वाचला. आपण असं करायचो, हे त्यांच्या लक्षातसुद्धा नव्हतं. हजारो लोकांना त्यांच्या अर्जांवरचे शेरे त्यांनी वाचून दाखवले होते. अर्ज फेटाळला म्हटलं की माणसाचं तोंड कसं उतरतं, हे त्यांना पाठ होतं. आम्रपालीनं त्यांचा हात आपल्या दोन्ही हातांत धरला.

मग अप्पा टेबलाला धरून उठले. कागद हातात घेऊन, रस्त्याच्या कडेनं, सावकाश गाड्यापर्यंत गेले. तिथं एक तलाठी, दोन शेतकरी आणि एक रिक्षावाला चहा पीत उभे होते.

“मालनबाई,” अप्पा सगळ्यांना ऐकू जाईल असं म्हणाले, “तुमच्या लेकीनं माझा अर्ज फेटाळला.”

“आगं बया! कावून वो?” मालनबाईच्या हातातलं गाळणं तसंच अधांतरी राहिलं.

डोळे पुसत अप्पा नुसतेच हसत राहिले, आणि रिक्षावाल्यानं सरकून त्यांना बाकड्यावर जागा करून दिली.