एकमताने संमती

"शेजारी, त्याला सांगा, सरकारचा रस्ता आपल्या दोघांच्या रानातून चाललाय!" थोरला नोटिशीचा कागद हलवत माझ्यावर ओरडला.

धाकटा भाऊ बांधापलीकडे दहा हातांवर वखर धरून उभा. तो मला म्हणाला, "त्यांना सांगा, मी बहिरा नाही."

अकरा वर्षं माझा हाच धंदा. विहिरीवरची मोटर आधी कुणी लावायची यावरून दोघांचं बोलणं तुटलं, आणि निरोप पोचवून पोचवून घसा माझा बसला.

मी कागद वाचला. दोघांची मिळून सहा एकर जात होती, विहिरीसकट. विहीर गेली की उरलेलं रान असून नसल्यासारखं. खाली लिहिलं होतं : 'दोन्ही भावांनी गेल्या महिन्यात एकत्र बसून, आपसात चर्चा करून, एकमताने संमती दिली.'

थोरली वहिनी हसता हसता बांधावर मटकन बसलीच. "हे दोघं? चर्चा? अगं बाई!"

शहरातल्या वकीलबाईंनी मात्र कागद बघून टाळी वाजवली. "तुमचं भांडण हाच आपला पुरावा. निकाल लागेपर्यंत एकमेकांशी एक शब्दही बोलायचं नाही."

आणि इथंच माशी शिंकली. कोर्ट दोन तासांवर, एसटीत जागा एकाच बाकावर. पहिल्याच तारखेला थोरल्याला डुलकी लागली अन् डोकं धाकट्याच्या खांद्यावर कललं. धाकट्यानं खांदा काढून घेतला नाही. तिसऱ्या तारखेला दोघं पिकाला लागलेल्या किडीवर तावातावानं बोलत होते. कोर्ट जवळ आलं की एक जण आधीच्या थांब्यावर उतरून चालत यायचा.

वहिनीनं कपाळावर हात मारला. "अकरा वर्षं 'बोला, बोला' म्हणून माझी जीभ झिजली. आता 'गप्प बसा' म्हणून झिजवू?"

शेवटच्या तारखेला जजसाहेबांनी भूसंपादनाच्या अधिकाऱ्याला विचारलं, "ही चर्चा झाली कुठे?"

"त्यांच्या गोठ्यात, साहेब. दोघं एकाच बाजेवर बसले होते."

मग मला उभं केलं. "या दोघांचं बोलणं नाही, हे खरं?"

"अकरा वर्षं नव्हतं, साहेब."

"आणि आता?"

शपथ घेतलेली. मी भावांकडे पाहिलं. दोघं छताकडे बघत होते. तेवढ्यात धाकट्याला जो ठसका लागला, डोळेच पांढरे!

"वर बघ, वर!" थोरला पाठीत थापट्या मारत ओरडला. "पाणी पी!"

"पितोय की, दादा!"

वकीलबाईंनी डोळे मिटून घेतले. सरकारी वकील उडालाच, "बघा, साहेब! बोलतात!"

धाकटा भडकला. "आत्ता बोलतोय! तेव्हा बोललो असतो तरी काय? दादा गवताची काडी कुणाला देत नाही, सहा एकर देईल?"

"आणि गोठा दोन वर्षांमागं वादळात पडला," थोरला म्हणाला. "बाज टाकली कुठं, आभाळात?"

जजसाहेब अधिकाऱ्याकडे वळले. "तुम्ही गोठा पाहिला होता?"

अधिकारी चष्मा पुसायला लागला. "पाहिला म्हणजे... ऑफिसातूनच, साहेब. अंदाजानं."

शिपायासकट सगळं कोर्ट हसलं. जजसाहेबांनी ती संमती रद्द केली आणि हुकूम दिला : रानात जा, आणि या माणसांचं म्हणणं खरोखर ऐका.

अधिकारी सकाळी आठलाच आला. विहिरीजवळ स्टुलावर बसला. थोरल्यानं आजोबांनी विहीर खणली तिथपासून सुरुवात केली. कुठल्या हाताला कातळ लागला, कुणाचा पाय मोडला, एकही गोष्ट सोडली नाही. ऊन डोक्यावर आलं, उतरलं. ड्रायव्हर जीपमध्ये घोरत होता. पेनातली शाई संपली, तर मी घरून दुसरं पेन आणून दिलं.

दिवस कलताना अधिकारी कंबर धरून उठला. "चला, झालं ना सगळं?"

"माझं झालं," थोरला म्हणाला. "बसा, साहेब. आता धाकट्याचं ऐका."